सोंगाचा हिशोब: एका वाचकाच्या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. अमेरिकी शाळकरी मुलामुलींच्या प्रेमविनोदी चित्रपटांवरील माझ्या लेखावर आपण तीन आक्षेप घेतले आहेत. हे सारे चित्रपट एका साच्यातले आहेत, खोटे वागणाऱ्यालाच शेवटी प्रेम मिळते असे ते शिकवतात, आणि त्यांतला ‘स्वत्वाचा शोध’ हा मीच त्यांच्यावर लादलेला आहे.

साचा आहे, हे मान्य. तो फार जुनाही आहे. ‘टेन थिंग्ज आय हेट अबाउट यू’ (१९९९) शेक्सपिअरच्या ज्या नाटकावर उभा आहे, त्याचेच वासुदेव बाळकृष्ण केळकरांनी ‘त्राटिका’ केले होते. त्याच वर्षीचा ‘शी इज ऑल दॅट’ शॉच्या ‘पिग्मॅलियन’वरून सुचलेला आहे, म्हणजे नात्याने तो ‘ती फुलराणी’चा भाऊबंदच. पण इथे आपले म्हणणे मला खोडता येत नाही. शॉची नायिका एलायझा निदान ‘आता माझे पुढे काय होणार?’ असे विचारते. या चित्रपटातली लेनी, एका मुलाने पैजेखातर आपला कायापालट केला हे कळल्यावर दुखावते खरी, परंतु चष्मा उतरवून सुंदर ठरवल्या गेलेल्या मुलीचे आधीचे रूप कमी का मानले गेले, हा प्रश्न चित्रपटाला पडतच नाही. मी त्याची वाजवीपेक्षा जास्त स्तुती केली.

दुसरा आक्षेप मात्र ‘कान्ट बाय मी लव्ह’ (१९८७) पुन्हा पाहून तपासावा, अशी विनंती आहे. सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे आणता येत नाही, असे आपण म्हणतो. इथे पैसे मोजूनच सोंग आणलेले आहे. लोकांच्या अंगणातले गवत कापून दुर्बिणीसाठी साठवलेल्या पैशांतले हजार डॉलर रोनाल्ड हा शाळेत कोणी न विचारणारा मुलगा सिंडी या लोकप्रिय मुलीला देतो आणि महिनाभर तिने आपली प्रेयसी असल्याचे भासवावे, असे ठरते. तिलाही गरज असते, कारण आईचा न विचारता नेलेला महागडा पोशाख तिच्या अंगावर असताना खराब झालेला असतो. यात त्याने प्रेम विकत घेतले, असे आपण लिहिले आहे. माझ्या मते त्याने घेतली ती शाळेच्या उपाहारगृहातल्या लोकप्रिय मुलांच्या टेबलावरची जागा, आणि प्रेमाची संधी समोर चालून आली तेव्हा या जागेच्या नादात त्याला ती ओळखताच आली नाही. दूरचित्रवाणीवर चुकून पाहिलेले आफ्रिकी विधिनृत्य तो शाळेच्या समारंभात नाचतो आणि सगळी शाळा त्याची नक्कल करते, हा प्रसंग निव्वळ हशासाठी नाही. मान नाचाला मिळत नाही, नाचणाऱ्याच्या नव्या प्रतिष्ठेला मिळतो. या प्रतिष्ठेची खरी किंमत हॅलोवीनच्या रात्री कळते. नव्या मित्रांच्या आग्रहाखातर तो केनेथ या जुन्या जिवलगाच्या घरावर विष्ठा फेकतो आणि पकडला जातो. पुढे बिंग फुटल्यावर जुन्या आणि नव्या मित्रांच्या दोन्ही टेबलांना तो परका होतो. खोटेपणाचे बक्षीस म्हणावे, असे यात मला काही दिसत नाही. (शेवट गोड आहे, हे खरे, तेवढी सूट विनोदी चित्रपटाला द्यावी लागते.)

आता स्वत्वाविषयी. ‘ईझी ए’ (२०१०) मध्ये समलिंगी असल्यामुळे छळला जाणारा ब्रँडन नायिका ऑलिव्हला आपल्याशी शय्यासोबतीचे नाटक करायला लावतो. त्या एका खोट्याने त्याला ‘पुरुष’ म्हणून मान्यता मिळते, तिच्या वाट्याला मात्र बदनामी येते. सोंग एकच असून दोघांचे हिशोब इतके वेगळे का, हे मी चित्रपटावर लादलेले नाही. त्याची सारी कथाच त्यावर उभी आहे. ‘टू ऑल द बॉईज आय हॅव लव्ह्ड बिफोर’ (२०१८) मधील लारा जीन तर लेखी करार करून लटके नाते जोडते. ती अर्धी कोरियन आहे, आणि मूळ कादंबरीच्या लेखिका जेनी हान यांनी जाहीरपणे लिहिले आहे की, नायिका आशियाई वंशाचीच असेल हे मान्य करणारी एकच निर्मितीसंस्था त्यांना भेटली. पडद्यावर कोणाला ‘सर्वसाधारण मुलगी’ म्हणून वावरता येते, हा प्रश्न कॅमेरा सुरू होण्याआधीच तिथे होता.

मूळ लेखातला ‘शी इज ऑल दॅट’विषयीचा परिच्छेद मी आज बदलतो आहे. रोनाल्डविषयीचा तसाच राहील.