मनगट शाबूत आहे

आज ताईकडे वास्तुशांत होती. सगळं आवरून आत्ता घरी आलेय, पाय ठणकतायत, सरळ झोपायला हवं. पण दुपारची गोष्ट डोक्यातून जात नाही म्हणून लिहायला बसले. लांबलचक होणार आहे, कंटाळा येईल त्यांनी खुशाल पुढे सरका.

झालं असं, की पंगतीत माझ्या समोर दाजींचे एक पाहुणे होते. नाव घेत नाही, पुढच्या लग्नात पुन्हा तोंड बघायचंय. कुणीतरी आटपाडी तालुक्यातल्या सचिन खिलारीचा विषय काढला, पॅरिसच्या पॅरालिम्पिकला, म्हणजे दिव्यांगांच्या ऑलिम्पिकला, गोळाफेकीत त्यानं रौप्य आणलं त्याचा. तर पाहुणे म्हणतात, “अहो त्यात काय एवढं! धा गट पाडायचे आन् ज्याला त्याला एकेक मेडल. लंगडत गेला तरी एक गळ्यात!” चारपाच जण हसले. आणि त्याच क्षणी माझा भाचा त्यांच्या पानापाशी वाकून मठ्ठा वाढत होता. कळशी डाव्या कोपराच्या बेचक्यात घट्ट धरलेली, उजव्या हातात पळी. डाव्या पंजाला रुमाल गुंडाळलेला, कारण पंगतीत लोक बघत बसतात. त्यानं ऐकलं, नक्की ऐकलं. म्हणाला, “काका, घ्या की अजून थोडा.”

माझ्या घशाखाली जिलेबी उतरेना.

पाहुण्यांना मी तेव्हा काही बोलले नाही. ताईचं कार्य, तिथे तमाशा कशाला. आता बोलते. पाहुणे, मेडलं वाटत नाहीत हो तिथे. मेडल राहिलं बाजूला, तिथे आधी तुमच्या शरीराचा पंचनामा होतो आणि मग ठरतं की तुम्ही दारातून आत यायचं का नाही.

हा पोरगा नववीत असताना कडबाकुट्टीत वैरण सारत होता. पुढचं सांगत नाही, गावाकडच्यांना सांगायची गरज नाही. डाव्या हाताची चार बोटं गेली, अंगठा निम्मा राहिला. दोन वर्षं तो कुणासमोर हात काढायचा नाही. मग कॉलेजच्या जिमखान्याच्या सरांनी त्याच्या उजव्या हातात गोळा दिला. मैदानाच्या कडेला फक्कीनं वर्तुळ आखलं, म्हणाले, टाक. त्याच्या गटातला गोळा सहा किलोचा. बघता बघता पोरगा ११.४० मीटरपर्यंत गेला. भिंतीवर खिलारीचा फोटो. तोच गट, एफ ४६. एफ म्हणजे मैदानी प्रकार, चाळीसच्या पुढचा आकडा हातापायाचा, हे सगळं तेव्हा मला तोंडपाठ झालं होतं. मी विट्याला शाळेत विज्ञान शिकवते, पण नववीच्या पोरांची नावं विसरेन, हे आकडे नाही.

तीन वर्षांपूर्वी राष्ट्रीय स्पर्धेला त्याला घेऊन मीच गेले. ताईला गुरंढोरं सोडून निघता येईना. स्पर्धेच्या आदल्या दिवशी वर्गीकरण, म्हणजे शरीर तपासून कोण कुठल्या गटात बसतो ते ठरवायचं. गॅलरीखालची एक खोली, पांढरी चादर टाकलेलं टेबल, समोर दोन माणसं. एक फिजिओथेरपिस्ट, एक खेळातले जाणकार. “मनगट वर. खाली. आता मी दाबतो, तुम्ही उलटा जोर लावा.” भूमितीच्या पेटीत असतो तसला पण मोठा कोनमापक लावून कोन मोजला. दहा-पंधरा मिनिटं. पोरगा जीव खाऊन जोर लावत होता. त्याला वाटलं, ही ताकदीची परीक्षा आहे.

कागदावर दोन अक्षरं आली. एन ई. नॉट एलिजिबल. दुसऱ्या दोघांनीही बघितलं, तेच. “मनगट शाबूत आहे,” असं म्हणाले ते. वाईट माणसं नव्हती, खरंच सांगते. त्यातल्या एकानं नंतर बाहेर येऊन पोराला चहा पाजला.

नियम असा आहे की एकाच हाताचं नुकसान असेल आणि अवयव तुटल्याच्या निकषावर एफ ४६ मध्ये यायचं असेल, तर हात मनगटातून किंवा त्याच्या वरून गेलेला पाहिजे. मनगटाचं हाड शिल्लक असलं की तुम्ही बाहेर. आपल्या सरकारनं दिलेलं दिव्यांग प्रमाणपत्र खिशात होतं. त्याचा तिथे काडीचा उपयोग नाही. एसटीत दिव्यांग, स्टेडियमात धडधाकट.

येताना रेल्वेत मी शेंगा सोलत होते. पोरगा खिडकीबाहेर बघत बघत म्हणाला, “माऊशी, डॉक्टरला सांगून मनगटापास्नं काढून घेतला तर?”

केस कापायला जाऊ का, असं विचारावं तशा आवाजात.

मी काय उत्तर दिलं ते आठवत नाही. पुढे वाचनात आलं की २०२० साली ब्रिटनच्या एका व्हीलचेअर बास्केटबॉलपटूनं जाहीरपणे हेच म्हटलं होतं. नियमांचा फेरआढावा झाला, त्याच्या पायाच्या दुखण्याचा प्रकार यादीत बसेना, तर तो म्हणाला की खेळण्यासाठी पाय कापून घ्यायचाही विचार करतोय. ते वाचलं त्या रात्री मी स्वयंपाकघरात बसून रडले. आमच्या पोराच्या डोक्यात आलं ते काही गावंढळ खूळ नव्हतं. तो नियम वाचल्यावर तिकडच्या माणसाच्या डोक्यातही तेच येतं.

आता कुणीतरी खाली लिहिणारच, की रेघ कुठेतरी ओढावीच लागते. मान्य. रेघ नसली तर उद्या नख तुटलेलाही येऊन उभा राहील आणि खांद्यापासून हात नसलेल्या पोराचं मेडल घेऊन जाईल. झालं, लिहिलं. पुढे चला.

माझं भांडण रेघेशी नाही. रेघ ओढणाऱ्यांकडून चूक झाली की ती भरायची कुणी, हा माझा प्रश्न आहे.

हे सगळं चालवते जर्मनीतल्या बॉनमधली आंतरराष्ट्रीय पॅरालिम्पिक समिती. १९८९ सालची संस्था. पॅरालिम्पिक भरवणार तीच, वर्गीकरणाची संहिता लिहिणार तीच, आणि गंमत म्हणजे ॲथलेटिक्सचं आणि पोहण्याचं जागतिक मंडळ म्हणूनही तीच बसणार. बॅडमिंटन, टेबल टेनिसवाल्यांची मंडळं तरी वेगळी आहेत. देऊळ त्यांचं, पुजारी त्यांचाच आणि दानपेटीची किल्लीही त्यांच्याच कडोसरीला. २०२१ साली त्यांनीच ठरवलं की २०२६ अखेरपर्यंत हे खेळ हातावेगळे करायचे. बघू. खेळाडूंची परिषद आहे, तिचे प्रतिनिधी कार्यकारिणीत बसतात, तेही मान्य. (कर्णबधिरांनी मात्र १९९५ सालीच यांना रामराम ठोकला, त्यांची डेफलिंपिक्स वेगळी असते. मला त्यांचं कधीकधी फार कौतुक वाटतं.)

टोकियो आठवतंय? विनोद कुमार, थाळीफेक, एफ ५२. सीमा सुरक्षा दलातला माणूस, लेहला कड्यावरून पडून वर्षानुवर्षं अंथरुणाला खिळलेला. स्पर्धेच्या आठवडाभर आधी त्यांच्याच पॅनेलनं तिथेच त्याला तपासून तो गट दिला. त्यानं १९.९१ मीटर थाळी फेकली, कांस्य मिळालं. आपण इकडे पेढे वाटले. दुसऱ्या दिवशी म्हणतात, तुम्ही या गटातले नाहीच, वर्गीकरण अपूर्ण. मेडल गेलं. पुढे त्याच्यावर तपासणीत मुद्दाम दिशाभूल केल्याचा ठपका ठेवून दोन वर्षांची बंदी घातली. असेल बाबा, केलीही असेल त्यानं लबाडी, मी काही वकील नाही. पण मग आठ दिवस आधी टेबलाशी बसून शिक्का मारणारे काय मापत होते? आमच्या पोराचा तर कोन न् कोन मोजला होता की.

आणि लबाडीचंच काढलंय तर सिडनी २००० ऐका. बौद्धिक अक्षमता असलेल्यांच्या बास्केटबॉलमध्ये स्पेननं सोनं जिंकलं आणि मग निघालं, की बारापैकी दहा जणांना तसली काही अक्षमताच नव्हती. चोरी केली स्पेनच्या संघानं. शिक्षा कुणाला? जगभरातल्या सगळ्या बौद्धिक अक्षम खेळाडूंना! अख्खा गटच बंद. अथेन्स गेलं, बीजिंग गेलं, थेट २०१२ ला लंडनमध्ये, तेही मोजक्या तीन खेळांपुरतं दार उघडलं. वर्गात एकानं खडू फेकला म्हणून मी अख्ख्या शाळेला बारा वर्षं बाकावर उभं केलं तर चालेल का? पालक मला जिवंत सोडतील?

देवेंद्र झाझडियाचं बघा. २००४ ला अथेन्समध्ये भालाफेकीचं सोनं, विश्वविक्रमासकट. गट एफ ४६, आमच्या पोराचाच. म्हणजे, आमच्या पोराचा झाला असता तो. मग बीजिंगच्या कार्यक्रमात त्या गटाची भालाफेकच नाही. लंडनलाही नाही. कुठला प्रकार ठेवायचा आणि कुठला काढायचा हे ठरवणारे बैठकीत बोट वर करतात, आणि इकडे माणूस बारा वर्षं भाला घेऊन थांबतो. थांबला पण पठ्ठ्या. २०१६ ला रिओत ६३.९७ मीटर, पुन्हा सोनं. बारा वर्षं! आमचा पोरगा तीन वर्षांत थकला, तर मी त्याला कुठल्या तोंडानं नावं ठेवू?

तोच झाझडिया २०२४ पासून भारताच्या पॅरालिम्पिक समितीचा अध्यक्ष आहे. बरं वाटलं होतं वाचून. ज्यानं सोसलंय तो निदान खुर्चीवर बसला.

कारण त्याआधीच्या खुर्च्यांबद्दल न बोललेलं बरं. २०१५ ला गाझियाबादच्या राष्ट्रीय स्पर्धेत अपंग खेळाडूंचे जे हाल झाले, धड स्वच्छतागृहं नाहीत, धड झोपायची सोय नाही, ते तेव्हा पेपरात सगळ्यांनी वाचलंय. त्याच वर्षी पदाधिकाऱ्यांच्या भांडणापायी बॉननं आपली समितीच निलंबित केली. २०१९ ला आपल्या क्रीडा मंत्रालयानं मान्यता काढली. २०२४ ला निवडणुका वेळेत घेतल्या नाहीत म्हणून मंत्रालयानं पुन्हा निलंबन केलं, पॅरिस सहा-सात महिन्यांवर आलेलं असताना. ते मात्र काही आठवड्यांत उठलं.

त्याच वर्षी प्रमोद भगत, टोकियोचा सुवर्णविजेता, बॅडमिंटनवाला. उत्तेजक चाचणीसाठी आपला ठावठिकाणा कळवायचा असतो, तो बारा महिन्यांत तीनदा चुकला. अठरा महिने बंदी, पॅरिस बुडालं. नियम तो नियम, चूक त्याची, मी त्याची बाजू घेत नाही. पण पदाधिकाऱ्यांच्या तारखा चुकल्या तर काही आठवडे आणि खेळाडूच्या चुकल्या तर अठरा महिने, हे मला हिशेबात बसवून दाखवा कुणीतरी.

जाऊ दे. चहा करून आणला, आता जरा थंड डोक्यानं लिहिते.

सगळंच काळं नाही. २०२५ ला दिल्लीत जागतिक पॅरा ॲथलेटिक्स स्पर्धा झाली, भारतानं २२ मेडलं आणली. पॅरिसला २९. आणि आमच्या इस्लामपूरजवळच्या पेठचे मुरलीकांत पेटकर आठवा. पासष्टच्या युद्धात गोळ्या लागलेले, १९७२ ला हायडेलबर्गला ५० मीटर पोहण्यात सोनं, भारताचं पॅरालिम्पिकमधलं पहिलं. पद्मश्री मिळाली २०१८ ला. ४६ वर्षांनी! तेव्हापेक्षा आज बरं आहे, हे कुणीही कबूल करेल. पोरांना कोच मिळतात, पैसे मिळतात, गावात मिरवणूक निघते.

मला फक्त एवढंच वाटतं, की त्या खोलीतून बाहेर पडताना त्या पोराला त्याच्या भाषेत कुणीतरी सांगायला हवं होतं. का नाही, कुठल्या कलमानं नाही, आणि आता पुढे काय. नियमांचं पुस्तक इंग्रजीत. मी रात्री डिक्शनरी घेऊन बसले तेव्हा मला उमगलं, विज्ञानाची बाई असून. शेतकऱ्याच्या पोरानं कुठे जायचं? दहा प्रकारच्या अक्षमता चालतात म्हणून यादी आहे, त्यातल्या एकीत आपलं दुखणं बसतं, पण किमान मर्यादेपाशी अर्ध्या पंजानं अडतं, हे त्याला प्रवासाचे पैसे खर्चायच्या आधी तालुक्याच्या पातळीवरच कुणी का सांगू नये? त्याच्या सरांनाही माहीत नव्हतं. दोष देत नाही, त्यांना कुणी शिकवलंच नाही.

रुमालाचं सांगायचं राहिलं. गोळा टाकायचा त्या दोन-तीन वर्षांत तो हात उघडा ठेवायचा. वर्तुळात उभा राहिला की डावा हात पुढे करून तोल सांभाळायचा, बोटं नसलेला पंजा सगळ्यांसमोर, आकाशाकडे. त्या स्पर्धेहून परत आलो आणि रुमाल परत आला. आज पंगतीत तोच होता, निळ्या चौकटीचा.

गोळा आता ताईच्या गोठ्याच्या दाराला टेकण म्हणून आहे. आज बघितला, एका बाजूला गंज चढलाय.

पोस्ट टाकायच्या आधी त्याला फोन करून सगळी वाचून दाखवली, न विचारता टाकणं बरं नाही. शेवटपर्यंत गप्प ऐकलं. नाव नको म्हणाला, नाही टाकलं. पाहुण्यांचं काढून टाक म्हणाला, ते नाही काढणार. मग थोडा वेळ थांबून म्हणाला, “माऊशी, आन् ते अकरा चाळीस नव्हतं. अकरा अठ्ठेचाळीस. सरांच्या वहीत हाय बघ.”

११.४८. वर चुकलंय, पण तसंच ठेवते. इथे बरोबर लिहिलंय.