साठेखत, मयत प्रतिवादी आणि ९० दिवस

तुमची प्रतिक्रिया तिखट आहे, पण मुद्द्याची आहे. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: विकणारा वारला तरी साठेखतावरचा (जमीन विकण्याच्या करारावरचा) दावा चालू राहतो, असं लिहून मी लोकांना खोटी आशा लावतो, तुमच्या मामांचा दावा प्रतिवादी वारल्यामुळेच अबेट झाला, म्हणजे मध्येच संपला, आणि ज्या मुलांनी साठेखतावर सहीच केली नाही, ती बांधील कशी?

आधी मुलांचं बघू. करार कायद्याच्या कलम ३७ प्रमाणे वचन देणारा वारला, तर करारातून वेगळा हेतू दिसत नसेल तेव्हा त्याचे वारस त्या वचनाला बांधील असतात. बदनामीचा दावा माणसाबरोबर संपतो, मिळकतीचा संपत नाही. वडिलांची जमीन हवी आणि वडिलांनी घेतलेला विसार मात्र आपला नाही, असं वारसांना म्हणता येत नाही. आता एखादा मुलगा म्हणेल की जमीन वडिलोपार्जित आहे, तिच्यात माझा जन्मतः हिस्सा आहे. म्हणू दे, पण तेव्हा तो मयताचा वारस म्हणून बोलत नसतो, स्वतःच्या हक्कावर बोलत असतो. वारस म्हणून रेकॉर्डवर, म्हणजे दाव्यात पक्षकार म्हणून आलेल्याला मयताला शोभेल असाच बचाव घेता येतो. स्वतंत्र हक्क सांगायचा, तर त्या नात्याने वेगळं पक्षकार व्हावं लागतं. वारसांच्या कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) ही गल्लत सर्रास होते.

आता मामांचा दावा. प्रतिवादी वारल्या दिवशी तो अबेट झाला नसणार. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२० प्रमाणे मृत्यूच्या तारखेपासून ९० दिवसांत वारसांना रेकॉर्डवर घेण्याचा अर्ज द्यायचा असतो. तो दिला नाही, की त्या प्रतिवादीपुरता दावा आपोआप अबेट होतो, कोर्टाच्या वेगळ्या हुकमाचीही गरज नसते. त्यानंतर अबेटमेंट रद्द करून घेण्याला आणखी ६० दिवस, अर्थात पुरेसं कारण दाखवून. तेही गेले तर सोबत मुदत कायद्याच्याच कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज. आणि हे काहीच केलं नाही, तर त्याच कारणावर नवा दावा लावता येत नाही. ही शेवटची गोष्ट पक्षकाराला वेळेवर कोणी सांगत नाही, याचा मला खरोखर राग येतो.

"आम्हाला मृत्यू कळलाच नाही" हे कारण चालतं का? चालू शकतं. १९७६ च्या दुरुस्तीनंतर मयताच्या वकिलाने मृत्यू कोर्टाला कळवायचा आणि कोर्टाने समोरच्याला नोटीस द्यायची, अशी तरतूद आहे. सर्वोच्च न्यायालयानेही २००३ साली सांगितलं, की वारस घेण्याच्या अर्जातच अबेटमेंट रद्द करण्याची विनंती अध्याहृत मानता येते. पण मृत्यू कळवणारी पुरसिस (कोर्टात दिलेलं लेखी निवेदन) दाखल आहे, रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या तारखांच्या नोंदवहीत, नोंद आहे आणि तरी वादी वर्षानुवर्षं गप्प, अशा वेळी कोर्टाची सहानुभूती आटते.

खरेदीदार वारला, तर त्याच्या वारसांना दावा पुढे नेता येतो, मात्र उरलेली रक्कम देऊन खरेदीखत करून घ्यायची आपली तयारी दाखवावी लागते. तुम्ही विचारलेलं नाही, तरी सांगतो: विकणाऱ्याने दिलेलं साधं कुलमुखत्यारपत्र त्याच्या मृत्यूबरोबर संपतं. त्याच्या जोरावर घाईघाईने खरेदीखत उरकू नये. वारसांनी दावा चालू असताना जमीन तिसऱ्याला विकली, तर मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम ५२ आहेच, म्हणजे घेणाऱ्यालाही दाव्याचा निकाल बांधतो. फक्त महाराष्ट्रात दाव्याची नोटीस नोंदवली आहे का, ते पाहावं.

अपिलालाही हेच ९० दिवस लागू आहेत. हुकूमनाम्याच्या (कोर्टाच्या अंतिम निकालाच्या) दरखास्तीला, म्हणजे अंमलबजावणीच्या अर्जाला, नाहीत.

मामांच्या दाव्यात मयताची बायको किंवा मुलगा आधीपासूनच प्रतिवादींच्या यादीत होता का? असेल, तर मिळकतीच्या बाजूने कोणीतरी रेकॉर्डवर होतंच, आणि दावा अबेट झालाच नाही असा युक्तिवाद करायला जागा आहे. प्रतिवादी अनेक असतील, तर एकापुरता अबेट झाल्याने सगळा दावा पडतो का, हे हुकूमनामा प्रत्येक प्रतिवादीपुरता वेगळा करता येतो की नाही यावर ठरतं. रोजनाम्याची नक्कल काढा, मृत्यूचा दाखला आणि अर्जाच्या तारखा शेजारी ठेवा आणि ते कागद घेऊन लवकर वकिलांकडे जा.