अमाकानच्या, म्हणजे विणलेल्या बांबूच्या तट्ट्याच्या खोलीबद्दलच्या तुमच्या अभिप्रायाला उत्तर

ताई, सप्रेम नमस्कार.

बोहोल बेटावरच्या आमच्या घरी तुम्ही सहकुटुंब राहून गेलात आणि एक तारा देऊन लिहिलंत, की फोटोत छान दिसतं पण प्रत्यक्षात चटईच्या भिंतींची झोपडी आहे, शेजारच्या खोलीतलं सगळं ऐकू येतं, उशीवर पिवळसर पीठ पडतं, वादळ आलं तर काय कोण जाणे, आणि भाडं मात्र पक्क्या घराचं. 'आमच्या गावी अशा भिंती गोठ्याला असतात,' हेही लिहिलंत. फिलिपिन्सला यायचा विचार करणारी बरीच मराठी मंडळी हे वाचतील, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

पिठाची तक्रार रास्त आहे. बांबू पोखरणारा एक बारीक भुंगा असतो, इथे त्याला बुकबोक म्हणतात. बांबूतल्या पिष्टावर तो जगतो आणि भुसा बाहेर टाकतो. माणसाला चावत नाही, पण उशीवर भुसा कुणालाच नको. तो लागू नये म्हणून कापलेला बांबू पाण्यात बुडवून ठेवायची जुनी रीत आहे. हल्ली बोरॅक्स आणि बोरिक अ‍ॅसिडच्या द्रावणात मुरवतात. आम्ही मुरवलेलाच माल घेतो, तरी एखाद्या तट्ट्यात किडा राहतो. तुमच्या खोलीतला तो तट्टा आता काढलाय. दोन्ही बाजूंच्या बांबूच्या पट्ट्या उचकटल्या की जुना निघतो, नवा बसतो. सिमेंटच्या भिंतीत ओल शिरली तर ती इतक्या सहज बदलता येत नाही.

आवाजावर मात्र माझ्याकडे इलाज नाही. आवाज अडवायला भिंतीला वजन लागतं आणि या भिंतीला ते नाहीच. खोलीच्या माहितीत आम्ही हे पहिल्याच ओळीत लिहिलेलं आहे.

झोपडी आणि गोठा हे शब्द मात्र मला मान्य नाहीत. या तट्ट्याला आमच्या बेटांवर अमाकान म्हणतात, मनिलाकडे सावाली. मनिला ज्या बेटावर आहे त्या लुझोनमध्ये त्यासाठी बुहो नावाचा पातळ भिंतीचा बांबू वापरतात. तो फोडून पट्ट्या काढायच्या, मग दोन वर दोन खाली अशी तिरपी वीण धरत अखंड तट्टा विणायचा. बाहेरच्या सालीच्या पट्ट्या पाण्याला जास्त टिकतात, आतल्या गराच्या लवकर काळ्या पडतात. घेताना आम्ही हेच आधी बघतो. भिंतीला, छताखाली, दोन खोल्यांच्या मधे, सगळीकडे तो लागतो. कोकणातला कूडही बांबू-कारवीचाच, पण आपण तो शेणामातीने लिंपतो. इथे वर्षभर दमट उकाडा असतो, म्हणून वीण उघडी ठेवतात. तिच्यातून वारा खेळतो. दुपारी तुम्ही पंखा बंद करून झोपला होतात, ते या भिंतीमुळे. घर खांबांवर उचललेलं असतं आणि पाखं लांब उतरलेली असतात, तीही जमिनीची ओल आणि पावसाचे शिंतोडे तट्ट्यापासून लांब राहावेत म्हणूनच.

हे फक्त गरिबाचं सामान आहे असंही नाही. स्पॅनिश काळातल्या सधन घरांत आतल्या भिंती बांबूच्या विणीवर चुन्याचा गिलावा देऊन करत, त्याला ताबिके पाम्पांगो म्हणतात. आज मनिलातली बेस बाहाय ही संस्था बांबूच्या सांगाड्यावर सिमेंटचा गिलावा करून घरं उभारते.

आणि ही भूमी हलते, ताई. १५ ऑक्टोबर २०१३ ला बोहोलमध्ये ७.२ तीव्रतेचा भूकंप झाला. लोओन आणि मारिबोहोकची जुनी दगडी चर्चेस पार कोसळली. अशा वेळी डोक्यावर दगड पडणं आणि बांबूचा तट्टा पडणं यात किती फरक आहे ते सांगायला नको.

वादळाचं मात्र मी गोड करून सांगणार नाही. १६ डिसेंबर २०२१ ला ओडेट नावाचं चक्रीवादळ आलं तेव्हा बोहोल आणि शेजारच्या सेबू बेटावर घरंच्या घरं उडाली, हलकी तर आधी. अमाकानची भिंत तसलं वादळ झेलत नाही. म्हणून पागासा या हवामान खात्याचा वाऱ्याचा इशारा वर चढू लागला की आम्ही पाहुण्यांना तिथे ठेवतच नाही, काँक्रीटच्या इमारतीत हलवतो. वादळ ओसरल्यावर अशी घरं गावातली माणसं गावातल्याच बांबूने पुन्हा उभी करतात. सिमेंट आणि लोखंडाची बोट येईपर्यंत थांबावं लागत नाही.

आता पैशांचं. पीठ पडलं त्या रात्रीचं भाडं तुमच्या खात्यावर परत पाठवलंय. बाकीच्या रात्रींचं परत करणार नाही. त्या भाड्यातून विणकरांना पुरता दाम जातो, मुरवणीचा खर्च निघतो आणि पावसाच्या बाजूचे तट्टे बदलले जातात. 'चटईच आहे' म्हणत भाव पाडणारे आम्ही नाही. तसं केलं तर विणणाऱ्यांची मुलं हे काम कशाला शिकतील?

पुन्हा आलात आणि शांत झोप हवी असेल, तर मागच्या अंगाला विटांची एक खोली आहे. भाडं तेवढंच. तिथे दुपारी पंखा लागतो.