एका दिवसात मनाचे जाणकार व्हा (चहा-उप्पीटासह)

गावच्या आरोग्याचं बघणाऱ्या आशाताई, अभिनंदन! मानसिक आरोग्याच्या प्रशिक्षणाचं बोलावणं आलंय. पहिल्या बसनं निघा. उशीर झाला की उप्पीट संपतं. बॅनरसमोरचा फोटो मात्र चुकवू नका, प्रशिक्षण झाल्याचा पुरावा तोच.

स्लाइड कन्नड-इंग्रजीत असतील. पडद्यावर 'डिप्रेशन' आलं की मान हलवा. बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातल्या तुमच्या बायका 'जीव थाऱ्यावर नाही वो' म्हणतात, 'काळीज धडधडतंय' म्हणतात, त्याला यात कुठं बसवायचं, हे विचारू नका. भाषेचा प्रश्न काढला की तो सीमाप्रश्नात जमा होतो, आणि तिथं १९५६ पासूनची रांग आहे.

कुणी बळ्ळारीचं नाव काढलं तर विषय बदला. १९८०च्या दशकात निम्हान्सनं, म्हणजे बंगळुरूच्या मानसिक आरोग्य संस्थेनं, याच कर्नाटकात, बळ्ळारी जिल्ह्यात, साध्या प्राथमिक आरोग्य केंद्रांतल्या डॉक्टरांना आणि आरोग्य सेवकांना हेच काम शिकवलं होतं. त्यावरूनच १९९६ साली देशाचा जिल्हा मानसिक आरोग्य कार्यक्रम उभा राहिला. पण तिथं शिकवणाऱ्यांनी नंतरही साथ सोडली नव्हती: औषधं, देखरेख, अडल्यास विचारायला माणूस. इतका व्याप कोण करणार? तुम्हाला प्रमाणपत्र मिळतंय ना, लॅमिनेशनसकट!

जेवणानंतर सरावसत्र. शेजारची ताई पेशंट होईल, पदरात तोंड लपवून हसेल. दोन मिनिटांत ती बरी करा.

आता खरं काम. डिप्रेशन ओळखायचा नऊ प्रश्नांचा कागद, प्रत्येकाला शून्य ते तीन गुण. एखाद्या सुनेच्या घरी जा, चुलीपाशी बसा, सासूला तिथून उठवू नका; तिला वाईट वाटेल. गेल्या दोन आठवड्यांत झोप कशी होती? सासू सांगेल, घोरते की. भूक? दोन भाकऱ्या खाते. नववा प्रश्न जिवाचं बरंवाईट करण्याच्या विचारांचा. तो सुनेच्या डोळ्यांत बघून, एकांतात विचारायचा असतो; तुम्ही भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत विचारा आणि शून्य टाका. उत्तर 'होय' आलं तर पुढं काय करायचं, ती स्लाइड बस चुकेल म्हणून पळवलीच होती. १४४१६, टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा फुकटचा नंबर, २०२२ पासून चालू आहे. त्याच स्लाइडवर होता म्हणे.

निघताना सून फाटकापर्यंत येईल. "ताई, परत कधी येशीला?" असं हळूच विचारेल. कागदावर त्याला रकाना नाही. पुढच्या प्रशिक्षणानंतर, म्हणा.