डिक्री आपली, कुलूप त्यांचं

काल रात्री कट्ट्यावर विज्या आला तेच तोंड पाडून. त्याच्या चुलत्यांच्या घराची केस सगळ्यांना माहितीये, डिक्री, म्हणजे कोर्टाचा हुकूमनामा, होऊन सहा वर्षं झाली, अपील पण जिंकलं, आणि काल कोर्टाचा माणूस, बेलीफ, ताब्याचं वॉरंट घेऊन गेला तर आत पुढच्या खोलीत कॉटवर एक म्हातारी, हाताला सलाईन, आणि दारात तिचा पुतण्या, म्हणे आम्ही स्वतंत्र भाडेकरू, आमच्यावर डिक्रीच नाही. बेलीफने हरकत लिहून घेतली, दोन पंचांच्या सह्या घेतल्या आणि निघाला. विज्याने कुलूप तोडायला माणूस आणलेला, त्याने यायचे म्हणून तीनशे घेतलेच वर.

सुन्या लगेच म्हणाला, भावा टेन्शन नको घेऊ, सुप्रीम कोर्टाने दरखास्त, म्हणजे डिक्री अमलात आणायचा अर्ज, सहा महिन्यात निकाली काढायला सांगितलीये. 2021 लाच राहुल शाहच्या केसमध्ये सांगितलं, मग मार्च 2025 मध्ये पेरियम्मलच्या केसमध्ये सगळ्या हायकोर्टांना परत तंबी दिली, पडून असलेल्या दरखास्तींचे आकडे मागवले. ती केस तामिळनाडूतल्या सेलमची, जमिनीच्या खरेदीचा करार 1980 चा आणि कोर्ट ताबा द्या म्हणतंय 2025 ला, तिथे पण मधे कुळ म्हणून उभे राहिलेलेच होते.

आणि त्या आकड्यांचं काय झालं ते पण सांग की, नाना म्हणाले. नाना कोर्टात कारकून होते, रिटायर झाले तरी दरखास्त शब्द निघाला की सरसावून बसतात. त्यांनीच सांगितलं, ऑक्टोबर 2025 ला मोजलं तर देशात 8 लाख 82 हजारांवर दरखास्ती पडून, त्यातल्या 3 लाख 41 हजारांच्या आसपास एकट्या बॉम्बे हायकोर्टाखाली. सुप्रीम कोर्टाने स्वतःच चिंताजनक म्हटलं, अजून सहा महिने दिले.

पण मार्चनंतरच्या सहा महिन्यात 3 लाख 38 हजार निकाली पण निघाल्या ना, सुन्या अडून बसला.

इथेच मी मधे पडलो, कारण मला हा शब्दच खटकतो. निकाली म्हणजे काय? ताबा मिळाला की फाईल बंद झाली? वकील तारखेला नाही आला, बेलीफचा भत्ता वेळेत नाही भरला, दरखास्त काढून टाकली, ती पण निकालीच. मग माणूस बारा वर्षांच्या मुदतीत परत नवीन दरखास्त लावतो, नवा नंबर, नवी नोटीस. वरून तपासणी होणार ती नंबराची, घराच्या किल्लीची नाही. नाना हसले, बरोबर बोललास म्हणाले, महिनाअखेरीला आम्ही तक्ताच भरायचो.

सुन्या मात्र मागे हटेना. म्हणाला, उद्या खरोखरचा भाडेकरू असला आणि त्याला न ऐकताच बाहेर काढलं तर तूच ओरडशील. दिवाणी प्रक्रिया संहितेतल्या ऑर्डर 21 चा नियम 97 त्यासाठीच आहे, हरकतीची चौकशी दरखास्तीतच करायची, वेगळा दावा नको. मुद्दा चुकीचा नव्हता, पण त्या हरकतीचा निकाल पण डिक्रीसारखाच धरतात, म्हणजे त्यावर अपील, अपिलात स्टे, आणि म्हातारी कॉटवर तशीच. खोटी हरकत घेणाऱ्याला खर्च बसवा म्हणून 2021 ला सांगितलंय खरं, पण आमच्या कोर्टात कुणाला दणदणीत खर्च बसलेला नानांनी पण नाही पाहिला. आणि शेतीचा वाटपाचा दावा असेल तर अजून मजा, त्याच संहितेच्या कलम 54 खाली कागद कलेक्टरकडे, तिथून तहसीलदार, मग भूमी अभिलेखची मोजणी, मोजणीच्या दिवशी कुणीतरी आडवं पडणारच.

विज्या इतका वेळ गप्प होता. मग म्हणाला, कोर्ट म्हणालं हरकतीवर म्हणणं येऊ दे, ते झालं की पोलीस बंदोबस्त मागणार, बंदोबस्ताची फी पण मीच भरायची. पण परत जायचं झालं तर पंच पाहिजेत, कालचे दोघं परत येणार नाही म्हणतायत, गल्लीत वैर नको म्हणे. सुन्या, तू येशील?

सुन्याने मोबाईल काढला, कॅलेंडर उघडलं, तारीख कधीची ते विज्याने अजून सांगितलीच नव्हती.