बैकलचं नाव सांगून तळ्यात गटार सोडू नका

चार दिवस झाले, बेळगावच्या सगळ्या ग्रुपवर एक मेसेज फिरायलाय. रशियातलं बैकल हे जगातलं सगळ्यात मोठं सरोवर, जगाचं २० टक्के गोडं पाणी त्यात, आतून समुद्राला जोडलेलं म्हणून तिथं सील मासे, आणि पाण्यातले बारीक जीव सगळी घाण खातात त्यामुळं कितीबी सांडपाणी सोडा, पाणी काचेसारखंच. मी सोडून दिलं असतं, पण परवा आमच्या मामांनी हेच गावच्या बैठकीत वाचून दाखवलं. विषय काय, तर नव्या वसाहतीचं गटार तळ्यात सोडायचं का नाही. आणि माणसं माना डोलवायल्यात!

मोठं म्हणजे कसं मोठं? क्षेत्रफळात सुपिरियर आणि व्हिक्टोरिया दोन्ही बैकलपेक्षा मोठी. खोलीत मात्र बैकल पहिलं, १,६४२ मीटर, म्हणून पाण्याचा साठा जास्त. ते २० टक्के पण अर्धंच खरं, बर्फातलं आणि जमिनीखालचं पाणी सोडून जे उरतं त्यातले. समुद्राला आतून जोडलेलं वगैरे काही नाही, अंगारा नदी पाणी बाहेर नेते, ती येनिसेईला मिळते, तिथनं ते आर्क्टिकला जातं. आणि सील मासा नव्हे.

आता ते घाण खाणारे जीव. एवढं मान्य करावं लागतं की एपिशुरा नावाचा जेमतेम दीड मिलिमीटरचा जीव तिथं खरंच आहे, पाणी गाळून बारीक शेवाळ आणि बॅक्टेरिया खातो, बैकल नितळ राहतं त्यात त्याचा वाटा मोठा. पण साबणातला फॉस्फरस, ज्यावर शेवाळ माजतं, तो काही हा जीव संपवत नाही ओ! तो आतल्या थंड पाण्यातला जीव, गटार येतं काठाला. तिथं काय झालं ते इर्कुट्स्कच्या सरोवर संशोधन संस्थेतल्या ओलेग तिमोश्किन आणि सहकाऱ्यांनी २०१६ मध्ये लिहून ठेवलंय. काठावरच्या गावांचं, पर्यटकांचं सांडपाणी नीट शुद्ध न होताच मुरतंय नाहीतर सरोवरात जातंय, पूर्वी काठाला एवढं कधी न माजलेलं स्पायरोगायरा शेवाळ किनाऱ्यावर ढिगानं कुजायलंय, आणि फक्त बैकलमध्येच सापडणारे स्पंज नावाचे तळाशी राहणारे जीव रोगानं मरायलेत. जगातल्या सगळ्यात खोल सरोवराची ही गत. काठावरच्या बैकाल्स्क गावचा कागदाच्या लगद्याचा कारखाना १९६६ ला सुरू झाला, त्याचं सांडपाणी सरोवरात जायचं, तो बंद व्हायला २०१३ उजाडलं, लोक त्यासाठी कित्येक वर्षं भांडले. घाण आपोआप जात असती तर कशाला भांडले असते?

बैकलमधलं पाणी एकदा पूर्ण बदलायला तीनशेहून जास्त वर्षं लागतात, म्हणजे आत गेलेलं लवकर बाहेर पडत नाही. आणि आमच्या तळ्याला तर मे महिन्यात म्हैस बसली तरी तिची पाठ भिजत नाही, त्याच्या खालच्या अंगाला पिण्याच्या पाण्याच्या दोन विहिरी. तिथं मैला सोडायचा?

मामा, तुमच्या शब्दाला गावात वजन आहे म्हणून सांगतोय. गुरुवारी परत बैठक आहे, तो मेसेज वाचलात तसं हे पण वाचून दाखवा.