डिझेल आधी किलोत आणा
डिझेल इंजिनची एफिशियन्सी काढण्यावरचा तुमचा लेख चांगलाय पण त्यातल्या उदाहरणात ताशी १ लिटर डिझेलला थेट ४३००० ने गुणलंय, ते चुकीचं आहे. ४३००० किलोज्युल हे एका किलोचं कॅलरीफिक व्हॅल्यू, म्हणजे तेवढं डिझेल जळल्यावर मिळणारी उष्णता, लिटरचं नाही. डिझेलची घनता लिटरला ०.८३ किलो धरली तर ताशी ०.८३ किलो, म्हणजे हीट इनपुट (इंधनातून इंजिनला मिळणारी उष्णता) ०.८३ × ४३००० भागिले तासाचे ३६०० सेकंद, साधारण ९.९ किलोवॅट. ब्रेक पॉवर, म्हणजे इंजिनच्या शाफ्टवर मिळणारी शक्ती, ३ किलोवॅट दिलीये म्हणजे एफिशियन्सी ३ भागिले ९.९, साधारण ३० टक्के, तुमच्याकडे २५ आलीये, एवढा फरक पोरांनी परीक्षेत लिहिला तर सगळे मार्क जातात हो!

लॅबमध्ये ब्युरेटमधलं (खुणा केलेल्या काचेच्या नळीतलं) १० सीसी डिझेल किती सेकंदात संपतं ते स्टॉपवॉचवर बघतात, ३६ सेकंद आले की ताशी बरोब्बर १ लिटर. पण लोड बदलल्या बदलल्या रीडिंग घेऊ नका, इंजिन स्थिर होऊ द्या, कूलिंग वॉटरचं तापमान थांबलं की मगच घड्याळ दाबा.

आणि कॅलरीफिक व्हॅल्यू लोअरच (वाफेतली उष्णता न धरलेलं) घ्या, कारण डिझेल जळून तयार झालेलं एक्झॉस्टमधलं पाणी वाफ होऊनच बाहेर जातं, तिची उष्णता इंजिनला मिळतच नाही. प्लीज उदाहरण दुरुस्त करा, डिप्लोमाची बरीच पोरं हेच वाचून अभ्यास करतात.